माइनक्राफ्टमध्ये मित्र जॉईन होत नाहीत: कुठून बघायला सुरुवात करायची

आमच्या घरातली, सोसायटीतली आणि नात्यातली पोरं माइनक्राफ्ट खेळतात. त्यामुळे 'वर्ल्ड दिसत नाहीये' आणि 'जॉईन होत नाहीये' या दोन तक्रारी माझ्याकडे सतत येतात. बिघाड बहुतेक वेळा त्याच पाच-सहा जागी निघतो. पण सगळे थेट राउटरमध्ये शिरून सेटिंग बदलायला लागतात, आणि मग मूळ बिघाड एक असतो नि नवे दोन तयार होतात. म्हणून फुकटात आणि दोन मिनिटांत होणाऱ्या तपासण्या आधी, राउटर त्यानंतर, आणि नेटवाल्याला फोन सगळ्यात शेवटी.

लक्षणं

तुमचं लक्षण यातलं कोणतं ते आधी ठरवा. मेसेज पाठ करून सांगू नका, स्क्रीनचा फोटो काढा. एका शब्दाच्या फरकाने तपासाची दिशा बदलते.

- एकाच घरात, एकाच वायफायवर असूनही होस्टचं (ज्याच्या मशीनवर वर्ल्ड चालू आहे त्याचं) वर्ल्ड यादीत दिसत नाही.
- 'आउटडेटेड क्लायंट' किंवा 'आउटडेटेड सर्व्हर'.
- 'फेल्ड टू व्हेरिफाय युजरनेम' किंवा 'इनव्हॅलिड सेशन'.
- 'अननोन होस्ट'.
- 'कनेक्शन रिफ्यूज्ड'.
- 'कनेक्शन टाइम्ड आउट'.
- घरातले आत येतात, बाहेरगावचे येत नाहीत.
- काल चालत होतं, आज नाही.
- आत येतात, पण थोड्या वेळाने बाहेर फेकले जातात.

यातले 'रिफ्यूज्ड' आणि 'टाइम्ड आउट' लोक एकच समजतात, पण ते अगदी वेगळे आहेत. 'रिफ्यूज्ड' म्हणजे पलीकडचं मशीन सापडलं आणि त्याने उत्तरही दिलं, पण त्या पोर्टवर (मशीनच्या त्या नंबरच्या दारावर) कोणी ऐकत नाहीये. अशा वेळी सर्व्हर (वर्ल्ड चालवणारा प्रोग्रॅम) चालू आहे का आणि पोर्ट नंबर बरोबर आहे का, एवढंच बघायचं. 'टाइम्ड आउट' म्हणजे कोणाकडूनच उत्तर आलं नाही. तिथे पत्ता (आयपी ॲड्रेस) चुकलाय, फायरवॉलने (नको ती जोडणी अडवणाऱ्या सॉफ्टवेअरने) अडवलंय किंवा राउटरने पुढे सोडलं नाही. 'अननोन होस्ट' आला तर सर्व्हरचं नाव लिहिताना अक्षर चुकलंय किंवा कॉपी-पेस्ट करताना मागे स्पेस राहिलीय. पत्ता हाताने पुन्हा लिहा.

१. दोघं एकच गेम खेळताय ना?

माइनक्राफ्टचे दोन प्रकार आहेत, जावा एडिशन आणि बेडरॉक एडिशन. मोबाईल, एक्सबॉक्स, प्लेस्टेशन, स्विच यांवर चालतो तो बेडरॉक. विंडोजवर दोन्ही चालतात, आणि २०२२ पासून कॉम्प्युटरसाठी दोन्ही एकत्रच विकले जातात. त्यामुळे एकाच लाँचरमध्ये (गेम सुरू करायच्या ॲपमध्ये) दोन्ही दिसतात आणि मुलं घाईत भलतंच उघडतात. जावावाला बेडरॉकच्या वर्ल्डमध्ये जाऊ शकत नाही, बेडरॉकवाला जावाच्या वर्ल्डमध्ये येऊ शकत नाही. मधे खास प्लगइन बसवलेला सर्व्हर असेल तर गोष्ट वेगळी, पण घरगुती वर्ल्डला तो नसतोच. एकाच्या हातात फोन आणि दुसऱ्याकडे लॅपटॉपवर जावा असेल, तर इथेच थांबा. लॅपटॉपवर बेडरॉक उघडा, प्रश्न मिटला.

त्यानंतर आवृत्ती. 'आउटडेटेड'चा मेसेज याचाच. जावामध्ये मुख्य स्क्रीनच्या खालच्या कोपऱ्यात आकडा असतो. तो दोघांकडे तंतोतंत सारखा हवा, शेवटच्या टिंबानंतरच्या आकड्यासकट. जुळत नसेल तर लाँचरमध्ये 'इन्स्टॉलेशन्स'मध्ये जाऊन सर्व्हरचीच आवृत्ती नव्याने तयार करा, म्हणजे आधीची तशीच राहते. मात्र नव्या आवृत्तीत उघडलेलं वर्ल्ड जुन्या आवृत्तीत उघडू नका, त्याने वर्ल्ड बिघडू शकतं. मोबाईलवर अपडेट सगळ्यांना एकाच वेळी पोचत नाही. एकाला आज आणि दुसऱ्याला उद्या मिळालं, तर मधला दिवस जॉईन होणार नाही. ॲप स्टोअर उघडून हाताने अपडेट करा.

मॉड (गेममध्ये बदल करणारे जोड-प्रोग्रॅम) टाकले असतील तर दोन्हीकडे ते चालवणारा लोडर तोच हवा (फोर्ज तर फोर्ज, फॅब्रिक तर फॅब्रिक), आणि मॉडच्या आवृत्त्याही त्याच हव्यात. शंका असेल तर मॉड न लावलेल्या साध्या गेमने एकदा जोडून बघा. तसं जोडलं गेलं तर नेटवर्क ठीक आहे आणि दोष मॉडमध्ये आहे. या एका चाचणीने पुढचा अर्धा तपास वाचतो.

२. अकाउंट

'इनव्हॅलिड सेशन' किंवा 'फेल्ड टू व्हेरिफाय' आलं की गेम आणि लाँचर दोन्ही पूर्ण बंद करा आणि पुन्हा चालू करा. तरी आलं तर लाँचरमधून साइन आउट करून परत साइन इन करा. कॉम्प्युटरची तारीख-वेळही बघा. जुन्या मशीनचा बॅटरीचा सेल गेला की घड्याळ मागे पडतं, आणि घड्याळ चुकलं की सुरक्षित लॉगिन होत नाही.

दोन भावंडं दोन लॅपटॉपवर एकाच अकाउंटने खेळू शकत नाहीत. दुसरा आत शिरायला गेला की एक तर त्याला नकार मिळतो, नाही तर पहिला बाहेर पडतो. दोघांना दोन अकाउंट लागतात, याला तोड नाही.

मुलाचं अकाउंट लहान वयाचं म्हणून नोंदलं असेल, तर 'मायक्रोसॉफ्ट अकाउंट ज्या प्रकारे सेट केलंय त्यामुळे ऑनलाइन मल्टिप्लेअर खेळता येणार नाही' अशा अर्थाचा मेसेज येतो. राउटरशी याचा काही संबंध नाही. पालकाने आपल्या अकाउंटवरून एक्सबॉक्सच्या प्रायव्हसी सेटिंगमध्ये मल्टिप्लेअरची परवानगी द्यायची असते. मुलांनी वय वाढवून दुसरं अकाउंट काढायची पळवाट शोधू नये आणि पालकांनी ती चालवून घेऊ नये. त्या सेटिंगमध्ये अनोळखी लोकांशी चॅटिंगचाही स्वतंत्र पर्याय आहे. मल्टिप्लेअर चालू आणि अनोळखी चॅट बंद, असं ठेवता येतं.

३. एकाच घरात वर्ल्ड दिसत नसेल तर

होस्टने जावामध्ये 'ओपन टू लॅन' (लॅन म्हणजे घरातलं नेटवर्क) दाबलंय ना? बेडरॉकमध्ये वर्ल्डच्या सेटिंगमध्ये मल्टिप्लेअर आणि 'व्हिजिबल टू लॅन प्लेअर्स' दोन्ही चालू आहेत ना? होस्टने वर्ल्ड बंद केलं की सगळेच बाहेर पडतात, हेही मुलांना सांगावं लागतं. फोनवरून होस्ट करत असाल तर मधे कॉल घेतला, दुसरं ॲप उघडलं, तरी खेळ तुटू शकतो.

मग वायफायचं नाव वाचा. एक जण घरच्या मुख्य वायफायवर आणि दुसरा 'गेस्ट'वर असेल तर दोघं एकमेकांना दिसणार नाहीत. गेस्ट नेटवर्क त्यासाठीच असतं. हॉलमधला मूळ राउटर आणि बेडरूममध्ये रेंजसाठी लावलेला दुसरा राउटर, अशीही जोडी बऱ्याच घरांत असते. तो दुसरा स्वतःचं वेगळं नेटवर्क चालवत असेल तर एका लॅपटॉपला १९२.१६८.१ ने सुरू होणारा पत्ता मिळतो आणि दुसऱ्याला १९२.१६८.०. तिसरा आकडा वेगळा दिसला की कारण सापडलं. तात्पुरतं सगळे एकाच राउटरवर या. कायमचा उपाय म्हणजे दुसरा राउटर ॲक्सेस पॉइंट मोडवर टाकणं, म्हणजे तो वेगळं नेटवर्क न चालवता फक्त रेंज देतो.

आणखी एक हमखास कारण: कधी तरी बसवलेला व्हीपीएन किंवा व्हर्च्युअल मशीनचं सॉफ्टवेअर. जावामध्ये 'इथे वर्ल्ड उघडलंय' ही हाक घरातल्या नेटवर्कवर मल्टिकास्टने, म्हणजे ऐकणाऱ्या सगळ्यांना एकदम, दिली जाते. कॉम्प्युटरला दोन-तीन नेटवर्क कार्डं आहेत असं वाटलं तर ती हाक भलत्याच कार्डावरून जाते आणि शेजारच्या लॅपटॉपला ऐकूच येत नाही. व्हीपीएन बंद करून बघा. तेही नको असेल तर यादीची वाटच बघू नका. 'ओपन टू लॅन' केल्यावर होस्टच्या चॅटमध्ये पोर्ट नंबर येतो. दुसऱ्याने 'डायरेक्ट कनेक्शन'मध्ये होस्टचा घरातला पत्ता, मग विसर्गचिन्हासारखी दोन टिंबं आणि तो नंबर लिहायचा. हा पोर्ट दर वेळी बदलतो, कालचा आज चालत नाही. नव्या आवृत्त्यांमध्ये तो आपल्याला हवा तसा ठरवता येतो.

४. विंडोजची फायरवॉल

पहिल्यांदा वर्ल्ड उघडताना विंडोज एक खिडकी दाखवतं: जावाला (जावा एडिशन ज्यावर चालतं त्या प्रोग्रॅमला) नेटवर्क वापरू द्यायचं का? खेळायच्या घाईत 'कॅन्सल' दाबलं जातं. ते दाबलं म्हणजे प्रश्न पुढे ढकलला असं नाही. विंडोज तिथल्या तिथे 'ब्लॉक'चा नियम लिहून ठेवतं, आणि नंतर तुम्ही 'अलाव'चा नियम जोडलात तरी ब्लॉकचाच वरचढ ठरतो. 'सगळं अलाव केलंय तरी होत नाही' याचं कारण फार वेळा हेच असतं.

म्हणून 'विंडोज डिफेंडर फायरवॉल विथ ॲडव्हान्स्ड सिक्युरिटी' उघडा, 'इनबाउंड रूल्स'मध्ये जा आणि जावाच्या नावाच्या ओळी शोधा. त्या कधी 'ओपनजेडीके प्लॅटफॉर्म बायनरी' अशा नावाने असतात. ज्यांच्यापुढे लाल खूण आहे त्या काढून टाका. मग गेम पुन्हा चालू करा, खिडकी आली की परवानगी द्या. एकापेक्षा जास्त जावा दिसले तर घाबरू नका. लाँचर वेगवेगळ्या आवृत्त्यांसाठी वेगळा जावा ठेवतो आणि प्रत्येकाचा नियम वेगळा असतो.

त्याच वेळी घरचं वायफाय 'पब्लिक' म्हणून नोंदलंय का ते नेटवर्क सेटिंगमध्ये बघा आणि 'प्रायव्हेट' करा. फायरवॉल आख्खी बंद करून ठेवू नका. वेगळा अँटिव्हायरस असेल तर त्याची स्वतःची फायरवॉल असते, तिथेही जावाला वाट द्यावी लागते.

५. स्वतंत्र सर्व्हर चालवत असाल तर

जावाचा सर्व्हर स्वतंत्र चालवणाऱ्यांनी सर्व्हरची काळी खिडकी वाचावी. 'डन' असा शब्द असलेली ओळ आली म्हणजेच सर्व्हर उभा राहिला. पहिल्यांदा चालवताच बंद पडला तर 'युला'च्या (वापराच्या अटी मान्य करायच्या) फाइलमध्ये 'फॉल्स'चं 'ट्रू' करायचं राहिलंय. 'अनसपोर्टेड क्लास व्हर्जन' दिसलं तर कॉम्प्युटरवरचा जावा जुना आहे: माइनक्राफ्ट १.१८ पासून जावा १७ लागतो, १.२०.५ पासून किमान जावा २१.

'फेल्ड टू बाइंड टू पोर्ट' आला तर बहुधा दोन शक्यता. एक तर आधीचा सर्व्हर मागे चालूच आहे, किंवा 'सर्व्हर प्रॉपर्टीज'च्या फाइलमध्ये 'सर्व्हर-आयपी'पुढे कोणीतरी पत्ता लिहिलाय. ती जागा रिकामी ठेवायची असते. तिथे पत्ता लिहिलाच पाहिजे असं सांगणारे व्हिडिओ खूप आहेत, पण घरच्या सर्व्हरला त्याची गरज नाही.

'ऑनलाइन-मोड' बंद करा म्हणजे सगळे जॉईन होतील, हा सल्लाही फिरत असतो. तो ऐकू नका. तो बंद केला की नाव खरं आहे का हे सर्व्हर तपासतच नाही, आणि कोणीही तुमचं ॲडमिनचं नाव लावून आत येऊन वर्ल्ड उद्ध्वस्त करू शकतो.

६. घरातले येतात, बाहेरचे येत नाहीत: राउटर

इथून पुढे जरा सावकाश. सोसायटीच्या गेटवर पाहुणा आला आणि कोणत्या फ्लॅटला जायचं ते वॉचमनला माहीत नसेल, तर तो त्याला परत पाठवतो. राउटर तेच करतो. बाहेरून २५५६५ नंबरच्या पोर्टवर आलेला माणूस घरातल्या कोणत्या मशीनकडे पाठवायचा, हे राउटरला लिहून द्यावं लागतं. हेच पोर्ट फॉरवर्डिंग. जावासाठी टीसीपी २५५६५, बेडरॉकच्या स्वतंत्र सर्व्हरसाठी यूडीपी १९१३२ (टीसीपी आणि यूडीपी या डेटा पाठवायच्या दोन पद्धती). टीसीपीच्या जागी यूडीपी निवडलं तर काहीच चालत नाही आणि कोणता मेसेजही कारण सांगत नाही. म्हणून तो रकाना दोनदा वाचा.

'काल चालत होतं, आज नाही' याचं उत्तर जवळजवळ नेहमी इथेच असतं. लाइट जाते, राउटर बंद होऊन पुन्हा सुरू होतो आणि घरातल्या मशीनना पत्ते नव्याने वाटतो. लॅपटॉपला काल १९२.१६८.१.५ होता, आज १९२.१६८.१.८ मिळाला, आणि फॉरवर्डिंगचा नियम अजून ५ कडेच बोट दाखवतोय. राउटरमध्ये 'डीएचसीपी रिझर्व्हेशन' किंवा 'ॲड्रेस रिझर्व्हेशन' नावाची जागा असते. तिथे लॅपटॉपचा मॅक ॲड्रेस (त्याच्या नेटवर्क कार्डाचा ओळख-नंबर) आणि त्याला कायमचा द्यायचा पत्ता लिहून ठेवा. तरीही पत्ता बदलत राहिला तर विंडोजच्या वायफाय सेटिंगमध्ये 'रँडम हार्डवेअर ॲड्रेसेस' चालू आहे का बघा. तो मॅक ॲड्रेसच बदलत ठेवतो, मग रिझर्व्हेशन लागणार कोणाला? घरच्या वायफायपुरता तो बंद करा.

लाइट गेल्यावर बाहेरचा पत्ताही बदलू शकतो. मित्रांच्या यादीत जुना पत्ता साठवलेला असतो आणि त्यांना 'टाइम्ड आउट' येतं. नवा पत्ता कळवा, किंवा डायनॅमिक डीएनएस लावा म्हणजे पत्ता बदलला तरी नाव तेच राहतं. राउटरला छोटा यूपीएस लावला तर निम्मी कटकट तिथेच संपते.

तपासताना एक गोष्ट सांभाळा. होस्टने घरच्याच वायफायवरून स्वतःचा बाहेरचा पत्ता टाकून बघू नये. बरेच राउटर घरातून बाहेर जाऊन परत घरातच येऊ देत नाहीत, त्यामुळे सगळं ठीक असूनही बंद दिसतं. तपासायला बाहेरचा मित्र किंवा मोबाईल डेटावरचं दुसरं मशीन घ्या. पोर्ट तपासणाऱ्या साइट वापरताना सर्व्हर चालू ठेवा. सर्व्हर बंद असेल तर पोर्ट 'क्लोज्ड'च दिसणार.

'डीएमझेड'मध्ये लॅपटॉप टाकून मोकळं होऊ नका. त्याने एक नाही, सगळेच पोर्ट जगाला उघडे होतात. आणि पोर्ट उघडण्याआधी व्हाइटलिस्ट (आत येऊ द्यायच्या नावांची यादी) चालू करा. २५५६५ शोधत फिरणारे प्रोग्रॅम इंटरनेटवर सतत असतात, पत्ता कोणाला सांगितला नाही तरी ते येतात. १.१८.१ च्या आधीची आवृत्ती असेल तर बाहेर उघडण्याआधी लॉगफोरजे या जावातल्या नोंदी लिहिणाऱ्या कोडच्या त्रुटीवरचा उपाय लावलाय याची खात्री करा. डिसेंबर २०२१ मध्ये उघड झालेल्या त्या त्रुटीत नुसत्या चॅटमधल्या एका ओळीने समोरच्या मशीनवर ताबा मिळवता येत होता.

७. नियम बरोबर आहे, तरी बाहेरून कोणी येत नाही

आता राउटरच्या स्टेटस पानावर 'वॅन आयपी' (राउटरला बाहेरच्या बाजूने मिळालेला पत्ता) बघा, आणि ब्राउझरमध्ये 'माझा आयपी' शोधून जो येतो तोही बघा. दोन्ही सारखे असतील तर पब्लिक (बाहेरून थेट पोचता येणारा) पत्ता तुमच्याकडे आहे, मागच्या पायरीत परत जा. वेगळे असतील तर वॅनचा पत्ता वाचा. तो १९२.१६८ ने सुरू होत असेल तर तुमच्या राउटरच्या पुढे घरातच आणखी एक राउटर आहे, बहुधा फायबरवाल्याने भिंतीवर लावलेला डबा. तो ब्रिज मोडवर (स्वतः राउटर न बनता नेट नुसतं पुढे देणं) टाकला की काम होतं. १०० ने सुरू होत असेल आणि दुसरा आकडा ६४ ते १२७ मधला असेल, तर तुम्ही सीजीनॅटच्या मागे आहात. कंपनीने अनेक घरांना मिळून एकच बाहेरचा पत्ता दिलेला आहे. १० ने सुरू होणारा पत्ताही बहुतेक वेळा हेच सांगतो.

हे तुमच्या वाईटावर कोणी केलेलं नाही. आपल्या आशिया-पॅसिफिक भागातले मोकळे आयपीव्ही४ पत्ते एप्रिल २०११ मध्येच रेशनवर आले, आणि १००.६४ पासूनची ती मालिका २०१२ मध्ये खास याच कामासाठी राखून ठेवली गेली. पण तुमच्यासाठी याचा अर्थ पक्का आहे: घरच्या राउटरमध्ये काहीही केलंत तरी बाहेरचा माणूस पोचणार नाही, कारण त्याला अडवणारा राउटर कंपनीच्या ताब्यात आहे. मोबाईलच्या हॉटस्पॉटवरून होस्ट करणाऱ्यांचीही बहुतेक वेळा हीच स्थिती असते.

यावर फुकटातला मार्ग म्हणजे टेलस्केलसारखं खासगी नेटवर्क. ते सगळ्या मित्रांनी बसवायचं आणि होस्टचा तिथला पत्ता डायरेक्ट कनेक्शनमध्ये टाकायचा. तो पत्ताही १०० नेच सुरू होतो, त्याचा वरच्या तपासणीशी घोळ करू नका. यादीत वर्ल्ड आपोआप दिसणार नाही, पत्ता लिहावाच लागेल. पैसे देऊन मार्ग हवा असेल तर माइनक्राफ्टची स्वतःची रेल्म्स सेवा आहे. तिथे होस्टचा लॅपटॉप बंद असला तरी वर्ल्ड चालू राहतं. होस्टला धरून अकरा जणांपर्यंतचा गट असेल तर मला हाच मार्ग सगळ्यात कमी त्रासाचा वाटतो.

८. आत येतात, पण टिकत नाहीत

सर्व्हरच्या खिडकीत 'कान्ट कीप अप' ही ओळ पुन्हा पुन्हा येत असेल तर दोष नेटचा नाही, मशीनचा आहे. खेळ सेकंदाला वीस टिक चालतो, म्हणजे एका टिकला ५० मिलिसेकंद. मशीनला तेवढ्यात काम उरकता आलं नाही की सगळं अडखळतं. 'व्ह्यू डिस्टन्स' (किती दूरपर्यंतचं वर्ल्ड दाखवायचं) मुळात १० असतं, ते ६ करा आणि फरक बघा. होस्टचा लॅपटॉप वायफायऐवजी केबलने राउटरला जोडा. पुण्यातल्या सर्व्हरवर न्यू जर्सीहून चुलतभाऊ येत असेल तर त्याला दोनशेच्या वर पिंग (उत्तर यायला लागणारे मिलिसेकंद) दिसणारच. ते अंतरामुळे आहे, दुरुस्त करण्यासारखं त्यात काही नाही.

कुठे थांबायचं

वर्ल्ड उघडताना एरर येत असेल, भूभागाचे तुकडे गायब असतील, तर नेटवर्कचा तपास लगेच सोडा. वर्ल्डचं आख्खं फोल्डर दुसऱ्या ड्राइव्हवर कॉपी करा आणि मगच कशालाही हात लावा. मुलांनी दोन-दोन वर्षं बांधलेलं असतं ते.

होस्टेल, कॉलेज किंवा ऑफिसच्या नेटवर्कवर असाल तर तिथल्या ॲडमिनला विचारा. वळसा घालायचा प्रयत्न करू नका. राउटरचा पासवर्ड फक्त केबलवाल्याकडे असेल तर रिसेट बटण दाबू नका. त्यात लॉगिनची माहिती असते आणि ती गेली तर घरचं नेटच बंद पडेल. चॅटमधला अनोळखी माणूस 'स्क्रीन दे, मी करून देतो' म्हणत असेल तर तिथेच खेळ बंद करून घरातल्या मोठ्यांना सांगा.

सीजीनॅट निघालं आणि वरचे दोन्ही मार्ग नको असतील, तर नेट कंपनीला फोन लावा. 'गेम चालत नाही' असं सांगू नका, नेटचा स्पीड तपासून तक्रार बंद करतात. असं सांगा: 'माझ्या वॅनवर सीजीनॅटचा पत्ता येतोय, मला पब्लिक आयपी हवाय.' स्टॅटिकच (कायम तोच राहणारा) हवा असा आग्रह नाही, बदलता पब्लिक पत्ताही चालेल, हेही सांगा. स्टॅटिकसाठी बहुधा वेगळे पैसे पडतात. त्यांनी पत्ता दिल्यावर राउटर एकदा बंद-चालू करा, वॅन आयपी पुन्हा वाचा, आणि तो बदललेला दिसला की सहाव्या पायरीपासून सुरुवात करा.